नातीच्या कंप्युटरातली बेगम

आधीच सांगून ठेवतो, ह्या पानावर जे अनुभव छापून येतात त्यातला एकही मला पटलेला नाही. चिंचेवरची बाई, वाटेत विडी मागणारा म्हातारा, बंद खोलीतून पैंजण… मी उभी हयात लातुरात तांगा हाकला. अमावस्येला हाकला, कब्रस्तानाच्या भिंतीला लागून हाकला. मला कधी कोणी भेटलं नाही. भेटले ते दारुडे, आणि ते सगळे जिवंत होते. कुणी ताईत बांधायला आला तर मी त्यालाच म्हणायचो, बाबा, आधी तुझी तब्येत बघ.

आजही माझं मत तेच आहे. जे झालं ते सांगतो, बस. शिक्षण चौथी, तीही अर्धी. घरात आम्ही दखनी बोलतो, पण अक्षर मराठी शाळेत शिकलो म्हणून लिहितो मराठीत. कागदावर मी लिहिलंय, मोबाईलवर सूनबाईनं उतरवलंय. कुठं जास्त शुद्ध वाटलं तर तो तिचा दोष.

घर आमचं गंजगोलाईजवळ. तोंडातलं पान संपायच्या आत चालत पोचता येतं. ज्यांनी गोलाई बघितली नाही त्यांच्यासाठी सांगतो, मधे देवीचं देऊळ, भोवती गोल बाजार, आणि चाकाच्या आऱ्यांसारखे चारी बाजूंना फुटलेले रस्ते. घरात मी, मुलगा सलीम, सून शबाना आणि नात सना, ती आजोबाला, म्हणजे मला, दादा म्हणते. सलीम रिक्षा चालवतो. गिऱ्हाईक सगळं ट्युशनचं. गावोगावची पोरं लातुरात डॉक्टर व्हायला येतात, त्यांना ह्या क्लासमधून त्या क्लासला पोचवायचं. त्याच्या रिक्षात बसून गेलेली कितीतरी पोरं खरंच डॉक्टर झाली. त्यातल्या एकानं तर सलीमच्याच पाठीवरचं गळू कापलं. तेव्हापासून सलीमच्या डोक्यात एकच — आपली सना डॉक्टर.

सनानं बारावी केली, नीटची परीक्षा दिली, नंबर लागला नाही. सलीम म्हणाला, काही हरकत न्हाई, पुन्हा एक वर्ष क्लास लाव. मग एक दिवस कळलं की व्हिडिओवरचे तास बघायला घेतलेल्या कंप्युटरवर ही तास बघतच नव्हती. ही गेम बनवत होती. खेळत असती तर सलीमनं दोन शब्द बोलून सोडलं असतं. बनवते म्हटल्यावर काय बोलावं हेच त्याला कळेना.

बरीच रडारड झाली. शेवटी ठरलं असं. नांदेडच्या एका कॉलेजात गेम बनवणाऱ्या पोरापोरींचा मेळावा होता, हैदराबादच्या कंपनीची माणसं बघायला येणार होती. त्यांनी सनाला कामावर घेतलं तर ती जाईल. नाही घेतलं तर मुकाट्यानं पुन्हा क्लास, आणि गेमचं नाव काढायचं नाही. पोरीनं मान हलवली. तिचं तोंड बघून मला कळलं, हिच्यासाठी हा शेवटचा डाव आहे.

आणि गेम कशाचा, तर तांग्याचा. जुनं लातूर, गोलाई, आणि तांगा हाकणारा म्हातारा. गिऱ्हाईक बसलं की घड्याळ सुरू, वेळेत स्टेशनवर नाहीतर अडतीत पोचवायचं. म्हणजे माझ्याशिवाय तिचं पान हलणार नव्हतं. हे मला लई आवडलं, कबूल करतो.

पहिल्याच दिवशी मी विचारलं, "हे इंजिन इंजिन काय म्हणतेस? डिझेलवर चालतंय का?"

"दादा, हे गेमचं इंजिन. वजन, सावली, टक्कर, हे सगळं त्यात आधीच तयार असतं. वस्तू सोडली की खाली पडणार, भिंतीला धडकली की थांबणार. मी फक्त सांगायचं, ही घोडी, हा रस्ता, ही गिऱ्हाईकं."

"मग सगळं तर तेच करतंय. तू काय करतेस?"

"तुमचा तांगा तुम्ही बनवला होता का? सुतारानं बनवला ना? हाकत कोण होतं?"

ह्यावर मी पाणी मागितलं.

घोडीचं नाव बेगम. माझी खरी घोडी, सना जन्मायच्या आधीच गेलेली. माझी बायको, अल्ला तिला जन्नत देवो, म्हणायची की ह्या माणसाची बेगम तबेल्यात आहे, मी नुसती भाकरीला. सनानं मला विचारून विचारून ती घोडी बनवली. रंग, कपाळावरचा पांढरा टिळा, साज, डोळ्यांवरची झापडं. चाल मात्र जमेना. तिची घोडी बकरीसारखी उड्या मारायची. शेवटी मी अंगणात हातापायावर आलो आणि करून दाखवलं. डावा पुढचा आणि उजवा मागचा एका वेळी, मग उजवा पुढचा आणि डावा मागचा. सना मोबाईलवर चित्र घेतेय, मी दुडक्या चालीनं अंगणात, शबाना दार लावायला धावली. उशीर झाला होता. शेजारचे मास्तर भिंतीवरून म्हणाले, "चाचा, काही हरवलंय का?"

"हां," मी म्हटलं, "तुमची अक्कल शोधतोय."

असे हसतखेळत दिवस चालले होते. आणि मग सनानं खोलीचं दार लावून घ्यायला सुरुवात केली. मी विचारलं की म्हणायची, झाल्यावर दाखवते दादा. माझा अपमान झाला. घोडी माझी, आणि मलाच दार बंद. मीही ठरवलं, बोलवल्याशिवाय जायचं नाही. चार दिवस पाणीसुद्धा तिच्या खोलीला वळसा घालून प्यायला गेलो.

जुम्म्याची नमाज पढून घरी आलो तर आतून रडण्याचा आवाज. रविवारी नांदेडला जायचं होतं. मग कसला मान न् कसलं काय, दार ढकललं.

"काय झालं ग?"

"काही नाही दादा."

"काही न्हाई म्हणून कुणी कंप्युटरवर डोकं ठेवून बसत न्हाई."

"बग आहे." मग तिनं समजावलं, बग म्हणजे गेममधली चूक, आपण न सांगता होणारी गोष्ट. "घोडी ऐकत नाही दादा. तुम्हाला दाखवलं असतं तर तुम्ही ओरडला असता, म्हणून नाही दाखवलं. मी तिला स्टेशनचा रस्ता देते, ही जात नाही. आधी गोलाईला पूर्ण फेरा घालते. मधे एका जागी जाऊन उभी राहते. त्यानंतर कुठंही न्या, शहाण्यासारखी जाते. पण सुरुवातीला फेरा पाहिजेच. जबरदस्ती केली की गेमच बंद पडतो. सगळं दोनदा पुसून नव्यानं लिहिलं. तरी तेच."

मी खाली बसलो. म्हटलं, "दाखव."

तिनं बटण दाबलं. बेगम तांगा स्टँडवरून निघाली. स्टेशनचा रस्ता आला, तिनं तिकडं बघितलंसुद्धा नाही. देऊळ उजव्या हाताला ठेवून दुकानांच्या कडेनं चालत राहिली. सराफ, कापडवाले, गूळवाले, सगळी दुकानं सनानं माझ्या सांगण्यावरून बांधलेली. एकाच ठिकाणी दुकान नव्हतं. जिथं बांधायचं राहिलंय तिथं ती करड्या रंगाचा नुसता ठोकळा ठेवते. बेगम त्या ठोकळ्यापुढं थांबली. मान डावीकडं वळवली, डावा कान मागं टाकला, आणि उभी राहिली.

तिचा जबडा हलला. दोनचारदा, सावकाश. मग मान झटकली, फेरा पुरा केला आणि सरळ स्टेशनच्या रस्त्याला लागली.

मी जो हसायला लागलो तो थांबेचना. डोळ्यांतून पाणी. शबाना पिठाचे हात घेऊन धावत आली, तिला वाटलं म्हाताऱ्याला काही झालं.

"दादा, माझं वाटोळं झालंय आणि तुम्ही हसताय?"

"ती चघळत होती," मी म्हटलं.

"कसं चघळेल? जबडा हलायला लागतं ते हाडच मी तिला दिलेलं नाही. सावली हलली असेल."

मग मी त्या दोघींना जे सांगितलं ते तोवर घरात कुणालाच सांगितलं नव्हतं.

भूकंप झाला त्या पहाटे लातूर शहरही हललं, पण मोडली ती किल्लारीकडची गावं. मी बायकोला आणि सलीमला नांदेडला सासुरवाडीत पाठवून दिलं आणि इथं एकटा राहिलो. गोलाईच्या आसपास घराघरात भाकऱ्या थापायला सुरुवात झाली. तिकडं चुली उरल्या नव्हत्या, माणसं उरली नव्हती, जी उरली ती उपाशी. भाकऱ्या न्यायला ट्रक उभा असायचा स्टँडपाशी. पण गल्लीगल्लीतल्या बाया एवढाली गाठोडी घेऊन तिथवर कशा येणार? माझ्याकडं तांगा होता. रोज उजाडता मी गोलाईला एक सावकाश फेरा घालायचो. दारादारातून भाकरीची गाठोडी, चटणी, जुनी लुगडी, गोधड्या तांग्यात पडायच्या. फेरा पुरा झाला की ट्रकपाशी रिकामा करायचो आणि मग माझा धंदा.

भांड्यांच्या एका दुकानाच्या वर काशीबाई म्हणून एक म्हातारी राहायची. चष्मा दोऱ्यानं बांधलेला. ती नुसतं गाठोडं देत नसे. तांगा थांबवून एकेक भाकरी बघायची. जी मोडलेली असेल ती बाजूला काढायची. मी एकदा म्हटलं, "बाई, भुकेल्याला काय मोडकी न् काय सबंध?"

तर म्हणाली, "मोडकी भाकरी तिकडं नको. त्यांचं काय कमी मोडलंय?"

आणि त्या मोडक्या भाकऱ्या बेगमला मिळायच्या. बेगम मान डावीकडं वळवून उभी राहायची, म्हातारी तुकडा तुकडा भरवायची. झाली की बेगम मान झटकून पुढं.

पुढं ट्रक बंद झाले. काशीबाई तिच्या लेकाकडं पुण्याला गेली. पण घोडीला कोण सांगणार? मरेपर्यंत तिनं सकाळचा तो फेरा सोडला नाही आणि त्या दुकानापुढं थांबणं सोडलं नाही. गिऱ्हाईक ओरडायचं, "चाचा, स्टेशन मागं राहिलं की." मी म्हणायचो, "घोडी ताजी करून घेतोय, बसा गुमान." खरं कारण कधी कुणाला सांगितलं नाही. आमची अम्मी शिकवून गेली होती, दिलेलं तोंडानं बोलायचं नाही. म्हणूनच सनाला सगळी दुकानं सांगताना ते एक सांगितलं नव्हतं. त्याचं नाव काढलं असतं तर पुढचंही सांगावं लागलं असतं.

शबाना पिठाच्या हातांनीच खाली बसली. सना कधी माझ्याकडं बघतेय, कधी घोडीकडं.

मी सहज विश्वास ठेवणारा माणूस नाही. सलीम आल्याबरोबर त्याला धरला. "तू सांगितलंस ना हिला?"

"अब्बा, मला आत्ता कळतंय. मी तर नांदेडला मामूच्या गच्चीवर पतंग उडवत होतो."

"नंतर बघितलं असशील."

"नंतर सकाळी माझी शाळा असायची. तुम्ही आणि बेगम गल्लीच्या तोंडापर्यंत दिसायचात. पुढं कुठं जाता, मला काय ठाऊक?"

खोटं बोलला की सलीमचे कान लाल होतात, लहानपणापासून. कान बघितले. लाल नव्हते.

सना तोवर सावरली होती. म्हणाली, "दादा, खूप छान आहे हे. पण परवा मी दाखवू काय? गिऱ्हाईक बसलंय, घड्याळ पळतंय, आणि घोडी निघाली फिरायला. ते म्हणतील गेम बिघडलाय. मग मी आहे आणि क्लास आहे."

"मग गिऱ्हाईक नंतर बसव," मी म्हटलं.

"म्हणजे?"

"तेव्हा होतं तसंच. आधी भाकरी, मग धंदा. घड्याळ फेऱ्यानंतर सुरू कर. तिला अडवतेस कशाला? तिचं काम झालं की ती येतीच की."

तिनं ओढणीनं तोंड पुसलं, खुर्ची पुढं ओढली आणि म्हणाली, "काशीबाई दिसायला कशी होती दादा?"

पुढचे ते दीड दिवस आमच्या घरात ईद असल्यासारखे गेले. मी सांगतोय, ती बनवतेय. काशीबाईच्या नाकावरून आमचं भांडण झालं. पहिल्यांदा भाकऱ्या तांग्यात टाकल्या तर त्या हवेत उडाल्या आणि देवळाच्या कळसावर जाऊन बसल्या. सना म्हणाली, वजन द्यायचं राहिलं. वजन दिलं तर इतकं दिलं की तांगाच खाली बसला. काशीबाईचा आवाज शबानानं दिला. "त्यांचं काय कमी मोडलंय" हे वाक्य पहिल्याच झटक्यात असं बोलली की सलीम दारात उभा होता तो आत आला. तो अजून रागातच होता, पण कढईतली भजी घेऊन तिथंच बसला. आणि नवल असं की काशीबाईला त्या ठोकळ्याच्या जागी उभी केल्यापासून गेम एकदाही बंद पडला नाही.

रविवारी सगळे एसटीनं नांदेडला. कॉलेजचा मोठा हॉल, ओळीनं टेबलं, प्रत्येकावर एकेक कंप्युटर. आजूबाजूला सगळा बंदुकांचा आणि गाड्यांचा आवाज, आणि आमच्या टेबलावर टापांचा. हैदराबादचे दोघं आले, एक दाढीवाला पोरगा आणि एक बाई. पोरगा खेळायला बसला. फेरा घातला, गाठोडी घेतली, काशीबाईपुढं थांबला. बेगमनं मान वळवली. तो हसला आणि त्यानं विचारलं, घोडी भाकरीकडं न बघता आधी म्हातारीच्या तोंडाकडं बघते, हे कसं लिहिलंस?

सना खरं बोलली. "सर, हे मी नाही लिहिलं."

त्याला वाटलं पोरगी लाजतेय. त्यानं तिनं लिहिलेलं सगळं उघडून घेतलं, वर केलं, खाली केलं, बाईला दाखवलं. शेवटी म्हणाला, ह्यात तर फक्त रस्ता शोधणं आणि चाल एवढंच आहे. बाई म्हणाली, असं कधीकधी होतं. कसं होतं, ते तिनंही सांगितलं नाही.

ते दोघं बाजूला जाऊन बोलत होते तेवढ्यात खुर्ची रिकामी बघून सलीम बसला. नुसतं बघतो म्हणाला. बटणं कशी दाबायची ते सनानं दाखवलं. आणि माझा पोरगा, आयुष्यात पहिल्यांदा, माझा तांगा हाकायला लागला. फेरा घातला. दोन गिऱ्हाईकं पोचवली. एका वळणावर सवयीनं डावा हात हॉर्नकडं गेला. तोंडानं टक् टक् करायला लागला, तसं करायला त्याला कुणी सांगितलं नव्हतं. त्याच्या पाठीमागं पोरं जमली.

ती बाई आली आणि त्याच्याजवळ वाकून हिंदीत म्हणाली की तुमची मुलगी आम्हाला द्या. रिश्ता मागायला आल्यासारखी. सलीमनं मान वर केली नाही.

"ठहरिए मॅडम," म्हणाला, "सवारी बैठी है."

सना तोंडावर दोन्ही हात ठेवून उभी होती. मी दुसरीकडं बघितलं. म्हाताऱ्या माणसानं भर हॉलमध्ये रडणं मला पसंत नाही.

सना आता हैदराबादला आहे, तांग्याचा गेमही कंपनीनं बाजारात आणलाय. मी काही गप्प बसलो नाही, तिला तपास करायला लावला. तिनं तीच बेगम दुसऱ्या गेममधल्या दुसऱ्या गावात सोडली. सरळ चालली. आमच्या गोलाईत दुसरा घोडा सोडला. तोही सरळ चालला. गोलाई आणि बेगम एकत्र आल्या की फेरा. कंपनीतल्या मोठ्या लोकांनीही बघितलं, आणि एवढंच म्हणाले की आहे ते राहू द्या, लोकांना आवडतंय. आमच्या मौलवी साहेबांना विचारलं तर त्यांनी मला उलट विचारलं, गेम मोबाईलवर येतो का?

भूत म्हणायला मी तयार नाही. भूत भाकरी खाऊन कामाला लागत नाही. सगळा योगायोग म्हणावा तर तेही मला पटत नाही, कारण मी तो जबडा हलताना बघितलाय, आणि सना काहीही म्हणो, सावली चघळत नसते.

परवा सलीमच्या रिक्षात अहमदपूरकडचा एक बाप बसला होता, पोरीला क्लासला घालायला आलेला. त्यानं विचारलं, तुमची मुलगी काय करते? सलीम घरी येऊन मला सांगत होता.

"मग तू काय सांगितलंस?"

"म्हटलं, कंप्युटरात तांगा चालवती. आमच्या खानदानात सगळे तेच करतात."

"आणि तो?"

"त्यानं विचारलं, कंप्युटरात घोडी ऐकती का?"

सलीम त्याला काहीतरी थातुरमातुर बोलला म्हणे. मला विचारलं असतं तर मीही काय सांगितलं असतं… ऐकते, पण कुणाचं ऐकते ते आम्हाला अजून कळलेलं नाही.